कनेरगाव नाका : पुसलेल्या सरहद्दीवरचे गाव

दिवेलागणीची वेळ झाली की आमच्या घरात गेल्या दीड वर्षापासून एक वाक्य हमखास ऐकू येते, ‘‘चला, आवरा लवकर. नाका बंद होईल.’’

हे वाक्य माझ्या वडिलांचे. त्यांना आम्ही अण्णा म्हणतो. वय वर्षे ८४. शाळामास्तर म्हणून आयुष्य घालवलेला, शिस्तीचा, मितभाषी माणूस. सकाळी ते वर्तमानपत्र चाळतात, नातवाच्या अक्षराला नावे ठेवतात, दुपारी दोन घास नीट जेवतात. सूर्य कलला की मात्र त्यांची चुळबुळ सुरू होते. धोतराचा सोगा खोचतात, काठी शोधतात, दाराशी जाऊन कडी काढू पाहतात. नांदेडच्या आमच्या घरासमोर नाका नाही, गाडी जुंपलेली नाही, कुणी कुठे निघालेलेही नाही. हे त्यांना समजावून सांगण्याचा जितका प्रयत्न करावा, तितका त्यांचा जीव कासावीस होतो.

मी जनरल प्रॅक्टिशनर आहे. अशा घरांतील मुलांना आणि सुनांना मी पंचवीस-तीस वर्षे सल्ले देत आलो. आपल्या घरी ती वेळ आली तेव्हा मी काय केले, हे आधी प्रांजळपणे सांगतो. पहिले काही महिने मी अण्णांशी वाद घातला. मग आवाज चढवला. शेवटी एका रात्री झोपेची गोळी दिली. पहाटे ते लघवीला उठले, तोल जाऊन पडले आणि कपाळाला चार टाके पडले. हाड मोडले नाही हे नशीब. वृद्ध रुग्णाला झोपेच्या औषधाने पडण्याचा धोका वाढतो, हे मी इतरांना किती वेळा सांगितले असेल! टाके घालताना अण्णा माझ्याकडे पाहून एवढेच म्हणाले, ‘‘नाक्यावर गर्दी होती का रे?’’

तेव्हा मनात आले, हा नाका कोणता ते एकदा पाहून तरी यावे.

तो कोणता हे शोधायला फार कष्ट पडले नाहीत. आमचे मूळ गाव हिंगोलीच्या उत्तरेस, अण्णांचे आजोळ वाशिमकडे. या दोहोंच्या मध्ये कनेरगाव नाका. काही जण ते कन्हेरगाव असेही लिहितात. मार्गशीर्षात, थंडी नुकतीच पडू लागली असताना, आम्ही तिघे म्हणजे अण्णा, माझी पत्नी आणि मी, दोन दिवसांसाठी निघालो.

वृद्ध माणसाला घेऊन निघायचे तर प्रवास त्याच्या घड्याळाप्रमाणे आखावा लागतो. आम्ही सकाळची न्याहारी आणि शौच उरकल्यावरच गाडी काढली. दर तासा-दीड तासाने थांबलो. अण्णांची नेहमीची उशी आणि पांघरूण बरोबर घेतले. अनोळखी खोलीत ओळखीचा वास असला की झोप लवकर लागते. सदऱ्याच्या खिशात नाव, पत्ता, दूरध्वनी क्रमांक आणि चालू औषधांची नावे लिहिलेला कागद ठेवला. पाण्याची बाटली हातात दिली, कारण तहान लागल्याचे या वयात कळत नाही आणि कळले तरी वारंवार उतरावे लागेल या संकोचाने पुष्कळ वृद्ध प्रवासात पाणीच पीत नाहीत.

नांदेड-अकोला हा आता राष्ट्रीय महामार्ग. अर्धापूरच्या केळीच्या बागा मागे पडल्या, वारंगा फाटा आला, मग कळमनुरी आणि पुढे हिंगोली. सोयाबीन निघून गेले होते, तुरीला पिवळी फुले लागली होती, हरभरा बोटभर वर आला होता. हळदीची शेते अजून हिरवी होती. या जिल्ह्यातल्या वसमतच्या हळदीला भौगोलिक मानांकन मिळाले आहे. अण्णा खिडकीतून पाहत होते. पिकाचे नाव त्यांनी एकदाही चुकवले नाही.

पहिल्या दिवशी हिंगोलीत मुक्काम केला आणि दुसरे काही केले नाही. सोबतच्या तरुणांना हा वेळ वाया गेल्यासारखा वाटतो. परंतु वृद्धांच्या सहलीत पहिली दुपार ही विश्रांतीचीच असावी. शहरात रात्री फेरी मारताना मला ही गोष्ट आठवली की हे एके काळी छावणीचे गाव होते. निजामाच्या खर्चाने आणि इंग्रज अधिकाऱ्यांच्या हुकमतीखाली चालणाऱ्या ‘हैदराबाद कंटिन्जंट’ नावाच्या फौजेचे हिंगोली हे एक महत्त्वाचे ठाणे. ठगांच्या बंदोबस्ताची मोहीम स्लीमन याने चालवली, तिचे १८३३च्या सुमाराचे एक केंद्र येथे होते. ही फौज १९०३ मध्ये येथून हलली.

या फौजेचा आणि आमच्या नाक्याचा थेट संबंध आहे. कंटिन्जंटचा खर्च निजामाला झेपेना, कर्ज साचत गेले. तेव्हा १८५३च्या तहाने वऱ्हाड प्रांत ईस्ट इंडिया कंपनीच्या कारभाराखाली गेला. पुढे १९०२च्या करारान्वये वर्षाला २५ लाख रुपये खंडाने तो इंग्रजांकडे कायमचा राहिला आणि मध्यप्रांताला जोडला गेला. गंमत अशी की कागदोपत्री वऱ्हाडावर मालकी निजामाचीच होती. १९३६ पासून त्याच्या युवराजाला ‘प्रिन्स ऑफ बेरार’ म्हणत. पण प्रत्यक्षात वाशिमला इंग्रजी राज्य आणि हिंगोलीला निजामी राज्य. मध्ये पैनगंगा. नदीच्या दोन्ही तीरांवर भाषा एक, सोयरीक एक, ज्वारीची भाकरी एक. तरीही नदी ओलांडली की राज्य बदलायचे.

राज्य बदलले की नाणेही बदलायचे. इकडे निजामाचा हाली शिक्का, तिकडे इंग्रजांचा कलदार रुपया. साधारण सात हालीला सहा कलदार असा भाव. इकडची कचेरी उर्दूत चाले, तिकडची मराठी-इंग्रजीत. आणि माल इकडून तिकडे न्यायचा तर जकात. हैदराबाद संस्थान आपल्या सरहद्दीवर स्वतःची आयात-निर्यात जकात वसूल करीत असे. त्या खात्याला ‘करोडगिरी’ म्हणत. मराठवाड्यातील ऐंशी वर्षांच्या पुढच्या कुणालाही हा शब्द विचारून पाहावा, चेहऱ्यावर लगेच ओळख उमटते. सरहद्दीच्या रस्त्यांवर करोडगिरीचे नाके असत. मागाहून राज्य गेले, खाते गेले, आडवा दांडा गेला. गावांच्या नावामागे ‘नाका’ तेवढा राहिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी प्रथम नर्सीला गेलो. संत नामदेवांचे हे जन्मगाव मानले जाते. इ.स. १२७० हे त्यांचे जन्मवर्ष. कयाधू नदीच्या काठचे हे गाव हिंगोलीपासून जवळ आहे. नामदेव येथून पंढरपूरला आणि पंढरपूरहून पार पंजाबात घुमानपर्यंत गेले. त्यांची ६१ पदे शिखांच्या गुरू ग्रंथसाहिबात आहेत, म्हणून वारकऱ्यांप्रमाणे शीख भाविकही नर्सीला येतात. नदीकाठी अण्णा बराच वेळ शांत बसले. एक वृद्ध वारकरी आपली माळ चाचपत शेजारी येऊन बसले. दोघांनी एकमेकांना गाव विचारले, पीकपाणी विचारले. दहा मिनिटांत अण्णांनी तोच प्रश्न तीनदा केला आणि त्या माउलींनी तिन्ही वेळा तेच उत्तर, तितक्याच आपुलकीने दिले. मला त्यांच्याकडून शिकण्यासारखे पुष्कळ होते.

जेवण आणि वामकुक्षी झाल्यावर चारच्या सुमारास कनेरगाव नाक्याला पोहोचलो. हिंगोली आणि वाशिम यांच्या साधारण मध्यावर हे गाव. येथे पाहण्यासारखे काय, असे कुणी विचारले तर उत्तर देणे अवघड आहे. किल्ला नाही, लेणे नाही, प्रसिद्ध देवस्थान नाही. महामार्ग, त्यावरची चहाची हॉटेले, पंक्चरची दुकाने, खत-बियाण्यांच्या पाट्या, एस.टी.ची वाट पाहणारी माणसे. जवळून अकोला-पूर्णा लोहमार्ग जातो आणि गावाच्या नावाचे स्थानक आहे. उत्तरेला पैनगंगा. तिच्या पलीकडे वाशीम जिल्हा, म्हणजे विदर्भ. अलीकडे हिंगोली जिल्हा, म्हणजे मराठवाडा. पुलावरून वाहन जाताना प्रवाशाला कळतही नाही की आपण एका जुन्या सरहद्दीवरून गेलो.

अण्णा गाडीतून उतरले आणि रस्त्याच्या दोन्ही बाजूंना पाहू लागले. ‘‘नाका कुठे आहे?’’ त्यांनी विचारले.

मी शिकवल्यासारखे सांगू लागलो. ‘‘अण्णा, तो उठला. सप्टेंबर १९४८ मध्ये पोलीस कारवाई झाली, संस्थान विलीन झाले…’’ पत्नीने माझ्या दंडाला हात लावला. मी थांबलो.

चहाच्या हॉटेलात बाकावर बसलो. मालक सत्तरीच्या पुढचा असावा. ‘‘या की बाबा, बसा. कुठलं गाव म्हणायचं?’’ असे त्याने विचारताच अण्णांनी आमच्या मूळ गावाचे नाव सांगितले. ते ऐकून मालकाने आणखी दोन घरांची नावे घेतली. ती आमच्या भावकीतलीच निघाली. झाले. अण्णा सैलावले. चहा बशीत ओतून फुंकर घालीत ते बोलू लागले. इतक्या वर्षांत मी जे कधी ऐकले नव्हते ते, तुटक तुटक, मागे-पुढे करीत, पण स्पष्ट.

प्रथम आली ती कापडाची गोष्ट. दिवाळीला आजोळी जायचे, परत येताना मामा नवे कापड द्यायचे. नाक्यावर त्याची जकात पडे. म्हणून आजी अण्णांना तीन सदरे एकावर एक घालून गाडीत बसवी. ‘‘नाक्यावरचा शिपाई माझ्या पोटाला बोट लावून म्हणायचा, मास्टर, मामाकडं लई खाल्लंस!’’ हे सांगताना अण्णा लहान मुलासारखे हसले. मास्टर ही पदवी त्यांना पुढे नोकरीने मिळाली, पण आठवणीत ती शिपायाने आधीच देऊन टाकली होती.

मग हसू मावळले.

१९४८चा ज्येष्ठ. पाऊस नुकताच लागला होता. संस्थानात रझाकारांचा धुमाकूळ चालला होता. भारतात सामील व्हावे म्हणून हैदराबाद स्टेट काँग्रेसने चळवळ उभारली होती. सरहद्दीपलीकडे उमरखेडसारख्या गावी स्वयंसेवकांचे कॅम्प होते. गावागावांतून बायका-पोरांना वऱ्हाडात नातेवाइकांकडे पोहोचवणे चालू होते. अण्णा आठ वर्षांचे. एक दिवस अंधार पडता पडता आजीने त्यांना आणि तान्ह्या आत्याला घेऊन चुलत्याच्या बैलगाडीत बसवले. आजोबा, म्हणजे नाना, जनावरांसाठी मागे राहिले. ‘‘तुम्ही पुढं व्हा, मी येतोच’’ असे ते म्हणाले.

गाडी नाक्याला आली तेव्हा दांडा पाडलेला होता. दिवेलागणीनंतर नाका बंद. तोच शिपाई कंदील घेऊन आला. अण्णांना त्याचे नाव आठवत नाही. तो मुसलमान होता आणि त्याच्या कानामागे नेहमी विडी असे, एवढे आठवते. ‘‘त्यानं कंदील वर केलाच नाही,’’ अण्णा म्हणाले. ‘‘आमच्या तोंडावर उजेड पडू दिला नाही. जमिनीवर धरला. म्हणाला, गाडी रिकामी आहे, जाऊ द्या. आणि दांडा उचलला.’’

पुढे नदी. पाणी गाडीच्या आसाला लागत होते. अण्णा मागे वळून पाहत होते. दांडा पुन्हा खाली पडताना त्यांनी पाहिला.

‘‘नाना यायचे होते,’’ ते म्हणाले. ‘‘नाका बंद झाला. नाना कसे येतील?’’

माझ्या हातातला पेला तसाच राहिला. दीड वर्ष मी फक्त अर्धे वाक्य ऐकत होतो. ‘चला, आवरा, नाका बंद होईल’ ही पळून जाण्याची घाई आहे असे मी धरून चाललो होतो. ते घर सोडून निघालेले नव्हतेच. ते कुणाची तरी वाट पाहत होते. आठ वर्षांचा मुलगा रोज तिन्हीसांजेला आपल्या वडिलांसाठी दांडा उघडा ठेवायला धडपडत होता, आणि मी, त्याचा डॉक्टर मुलगा, त्याला दाराला कडी घालून, पुढे गोळी देऊन झोपवत होतो.

‘‘मग नाना आले का?’’ माझ्या पत्नीने विचारले. वास्तविक उत्तर आम्हा दोघांनाही ठाऊक होते. नाना आले होते. माझ्या मुंजीत त्यांनी मला मांडीवर घेतल्याचा फोटो घरात आहे.

अण्णांनी खूप वेळ विचार केला. ‘‘आले,’’ ते म्हणाले. ‘‘चौथ्या दिवशी आले. पायी. पायात वहाणा नव्हत्या.’’

१३ सप्टेंबर १९४८ रोजी भारतीय फौजा संस्थानात शिरल्या आणि १७ सप्टेंबरला निजाम शरण आला. तोच दिवस आपण मराठवाडा मुक्तिसंग्राम दिन म्हणून पाळतो. मंडळी गावी परतली. नाक्यावर तो शिपाई नव्हता. त्या धामधुमीत दुसऱ्या बाजूचीही निरपराध घरे होरपळली, हा इतिहास आहे. ‘‘मी विचारलं सगळ्यांना. तो कुठं गेला, कुणी सांगितलं नाही,’’ अण्णा म्हणाले. हॉटेलचा मालक मान खाली घालून ऐकत होता. आम्हीही काही बोललो नाही.

नाक्याचे पुढे काय झाले हे सांगायला हवे, कारण गावाचा इतिहास त्यानंतरच खरा सुरू होतो. विलीनीकरणानंतर हाली शिक्का चलनातून गेला, करोडगिरी उठली. १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा आणि विदर्भ दोन्ही द्वैभाषिक मुंबई राज्यात आले आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्रात. सरहद्द होती ती परभणी आणि अकोला या दोन जिल्ह्यांची सीमा झाली. १९९८ मध्ये वाशीम आणि १ मे १९९९ रोजी हिंगोली हे स्वतंत्र जिल्हे झाले, तेव्हा तिची नावे पुन्हा बदलली. रेल्वेची गोष्टही तशीच. पूर्णेहून निघालेला मीटरगेज फाटा १९१२ पासून हिंगोलीपर्यंत होता, तेथे तो संपे. पलीकडे अकोल्याची जोड मिळाली ती स्वातंत्र्यानंतर. मग याच मार्गावरून काचीगुडा-जयपूर मीनाक्षी एक्स्प्रेस धावू लागली आणि दक्षिणेला राजस्थानशी जोडू लागली. २००८ मध्ये पूर्णा-अकोला मार्ग ब्रॉडगेज झाला. ज्या गावाचे काम माणसांना अडवण्याचे होते, तेथून आता सारेच न थांबता जातात. मालकाला मात्र याचेच दुःख होते. ‘‘पहिलं गाडी थांबायची तरी,’’ तो म्हणाला.

सूर्य कलला. नेहमीची वेळ झाली. अण्णा उठले, काठी घेतली. पत्नीने आणि मी एकमेकांकडे पाहिले. ‘‘चला, आवरा,’’ ते म्हणाले, ‘‘नाका…’’

‘‘नाका उघडाच हाय की बाबा,’’ मालक गल्ल्यावरून म्हणाला. ‘‘रात्रंदिवस उघडा हाय. जो यायचा तो यील.’’

अण्णा रस्त्यापर्यंत गेले. वाशीमकडून एक एस.टी. आली, हिंगोलीकडे गेली. मागोमाग उसाचा ट्रॅक्टर, दोन मोटारसायकली, शेळ्यांचा कळप. कुणी कुणाला अडवले नाही. ते पाहत उभे राहिले. मग स्वतःच वळून म्हणाले, ‘‘थंडी पडली. टोपी आण.’’

येथे मी डॉक्टर म्हणून सावधपणे बोलले पाहिजे. एका सहलीने स्मृतिभ्रंश बरा होत नाही. अण्णांचा आजार वाढतो आहे आणि वाढणार आहे. या आजारात सकाळचे जेवण विसरते, परंतु बालपणीच्या, विशेषतः भीतीच्या किंवा मायेच्या आठवणी पुष्कळ काळ टिकतात. संध्याकाळी प्रकाश मंदावतो, शरीर थकलेले असते, झोप-जागेपणाचे आतले घड्याळ बिघडलेले असते. अशा वेळी वर्तमानावरची पकड सुटते आणि ती जुनी आठवण पुढे येते. हट्ट वाटणाऱ्या वागण्यामागे पुष्कळदा काही काळजी असते. ती काळजी खोटी नसते, फक्त तिचा काळ निघून गेलेला असतो.

पूर्वी मी ‘नाका वगैरे काही नाही’ असे म्हणे. त्यातला प्रत्येक शब्द खरा होता आणि निरुपयोगी होता. आता मी म्हणतो, ‘‘अण्णा, नाना आले. चौथ्या दिवशी आले.’’ हेही खरेच आहे, मला खोटे बोलावे लागत नाही. आठवड्यातून चार-पाच दिवस ते ऐकून खाली बसतात. दोन दिवस नाही बसत. त्या दिवशी आम्ही अंगणात फेऱ्या मारतो. गोळी मी बंद केली आहे.

ज्यांच्या घरी अशी संध्याकाळ रोज येते, त्यांच्यासाठी अनुभवाच्या चार गोष्टी. अंधार पडण्याआधीच घरातले दिवे लावावेत. दुपारची झोप अर्ध्या-पाऊण तासापुरती ठेवावी, सकाळी उन्हात थोडे चालवावे. दुपारनंतर चहा-कॉफी टाळावी. चष्मा आणि कानाचे यंत्र जागेवर आहे ना ते पाहावे, कारण अर्धवट दिसणे-ऐकणे हे गोंधळ वाढवते. तहान, भूक, मलावरोध, सांध्याची वेदना, लघवीची घाई, यांपैकी काही आहे का हे आधी तपासावे. घरातील वृद्ध एक-दोन दिवसांत एकाएकी फार गोंधळले, गुंगीत गेले किंवा ताप आला तर ‘वय झाले’ म्हणून थांबू नये. लघवीचा जंतुसंसर्ग, न्यूमोनिया, सोडियम कमी होणे, एखादे नवे औषध, यांपैकी काही कारण असू शकते आणि त्यावर तातडीने इलाज करावा लागतो. विसराळूपणा नव्याने जाणवला तर थायरॉइड आणि ब-१२ जीवनसत्त्व तपासून घ्यावे. झोपेची गोळी स्वतःच्या मनाने कधीही देऊ नये. हे शेवटचे मी माझ्याच अनुभवाने सांगतो आहे.

आणि सेवा करणाऱ्यांनी स्वतःलाही विसरू नये. दीड वर्ष संध्याकाळचा भार माझ्या पत्नीने वाहिला, मी दवाखान्यात होतो. आता आठवड्यातील दोन संध्याकाळी दवाखाना बंद असतो. सल्ल्यासाठी वा अडचणीसाठी ज्येष्ठांकरिता असलेली १४५६७ ही ‘एल्डरलाइन’ हेल्पलाइनही आहे.

परतीच्या दिवशी औंढा नागनाथाला गेलो. बारा ज्योतिर्लिंगांत गणले जाणारे हे यादवकालीन मंदिर. बाहेरच्या भिंतींवरील शिल्पे सावकाश प्रदक्षिणा घालीत पाहण्याजोगी आहेत. नामदेवांच्या कीर्तनासाठी मंदिर फिरले ही कथा येथलीच. परंतु गाभारा जमिनीखाली आहे. उतरण्याची वाट अरुंद, पायऱ्या चढ्या, आत जागा थोडी आणि गर्दीत हवा कोंडलेली. हृदयविकार, दमा, गुडघेदुखी किंवा तोल जाण्याची तक्रार असलेल्यांनी वरूनच नमस्कार करावा. अण्णांना तसे सांगितले तेव्हा ते म्हणाले, ‘‘नामदेवासाठी देऊळ फिरलं, माझ्यासाठी देव वर येईल.’’ आणि सभामंडपात टेकून बसले.

ज्यांना हा परिसर पाहायचा असेल त्यांनी हिंगोलीत मुक्काम ठेवून नर्सी, औंढा आणि नदीपलीकडचे वाशीम, म्हणजे वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी असलेले प्राचीन वत्सगुल्म, असा दोन-तीन दिवसांचा बेत आखावा. मार्गशीर्ष ते माघ हे दिवस वृद्धांना सोसणारे. वाटेत कनेरगाव नाक्याला चहासाठी अवश्य थांबावे. पाहण्यासारखे काही दिसणार नाही. पण बरोबर आई-वडील किंवा आजी-आजोबा असतील तर त्यांना विचारावे की तुमच्या लहानपणी नाका कुठे होता, आणि त्यावर कोण उभे असे. मग घाई न करता, चहा गार झाला तरी चालेल, पण वाक्य पुरते होईपर्यंत ऐकावे.

काल संध्याकाळी अण्णा पुन्हा दाराशी गेले होते. मी म्हणालो, ‘‘नाना आले, अण्णा.’’ त्यांनी माझ्याकडे रोखून पाहिले आणि विचारले, ‘‘आणि तो शिपाई?’’

त्याचे उत्तर माझ्यापाशी नाही. मी दार उघडले, अंगणातला दिवा लावला, आणि आम्ही दोघे पायरीवर बसलो.